समरी दाव्यात बचावाची सशर्त परवानगी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

येणे रकमेच्या वसुलीसाठी दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश ३७ खाली दाखल झालेल्या, म्हणजेच समरी (संक्षिप्त) दाव्यात प्रतिवादीला 'इतकी रक्कम भरा, मग बचाव करा' असा हुकूम मिळतो, तेव्हा तो हुकूम म्हणजे अर्धा निकालच लागला असे पुष्कळांना वाटते. तसे ते नसते. परंतु त्या हुकुमातली मुदत चुकली तर मात्र निकाल खरोखरच लागतो, आणि तो पूर्ण रकमेचा लागतो. पुढील प्रश्न पक्षकार आणि नवोदित वकील या दोघांकडून वरचेवर येतात. काही उत्तरे लांबली आहेत, कारण तिथे घोटाळा जास्त होतो.

समरी दाव्यात बचाव करायलाच परवानगी का लागते?

नेहमीच्या दाव्यात समन्स मिळाल्यावर प्रतिवादी आपली कैफियत (लेखी उत्तर) दाखल करतो आणि दावा मुद्दे, पुरावा, युक्तिवाद अशा क्रमाने चालतो. आदेश ३७ ने हा क्रम जाणूनबुजून उलटा केला आहे. वादीचे येणे लेखी कागदावर उभे असेल आणि रक्कम ठरलेली असेल, तर केवळ वेळ काढण्यासाठी दिलेल्या नकारावर वर्षानुवर्षे पुरावा नोंदवत बसू नये, हा त्यामागचा हेतू आहे. म्हणून या दाव्यात प्रतिवादीला कैफियत देण्याचा हक्क आपोआप मिळत नाही. आपल्याकडे सांगण्याजोगे काही आहे, हे त्याने आधी प्रतिज्ञापत्रावर दाखवायचे आणि मग न्यायालयाने त्याला आत घ्यायचे की नाही ते ठरवायचे.

याचा अर्थ वादीचा शब्द अंतिम असतो असा मात्र नाही. परवानगी नाकारण्याआधी प्रतिवादीने मांडलेल्या हकिगतीत भक्कम बचाव दिसत नाही किंवा तो पोकळ अथवा केवळ त्रासदायक आहे, अशी न्यायालयाची खात्री झाली पाहिजे, असे या आदेशाच्या नियम ३(५) चे पहिले परंतुकच सांगते.

कोणत्या येण्यासाठी हा मार्ग वापरता येतो?

हुंडी, विनिमयपत्र आणि वचनचिठ्ठी यांवरचे दावे. लेखी करारातून उद्भवलेल्या कर्जाचे किंवा निश्चित रकमेचे दावे. एखाद्या अधिनियमाने ठरवून दिलेल्या रकमेचे दावे, पण दंडाचे नव्हे. मूळ ऋणकोकडून ठरलेली रक्कम येणे असेल तेव्हा तिच्या हमीवरचे दावे. आणि फॅक्टरिंगच्या २०११ च्या कायद्यानंतर, येणी विकत घेणाऱ्याने केलेले वसुलीचे दावे. नुकसानभरपाईचा आकडा न्यायालयाला काढावा लागणार असेल, तर तो दावा इथे बसत नाही. तोंडी दिलेले हातउसने पैसेही बसत नाहीत. मात्र त्या पैशांपोटी पुढे वचनचिठ्ठी किंवा चेक दिला गेला असेल, तर चित्र बदलते.

बँका आणि वित्तसंस्थांचे येणे २० लाख रुपये किंवा त्याहून अधिक असेल, तर ते सामान्यतः कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे जाते. व्यापारी स्वरूपाच्या वादाचे मूल्य ३ लाख रुपये किंवा त्याहून अधिक असेल, तर व्यापारी न्यायालयांचा २०१५ चा कायदा लागू होतो, आणि तातडीचा अंतरिम दिलासा मागितला नसेल तर दाव्यापूर्वी मध्यस्थीची पायरी चढावीच लागते. ती वगळून आणलेला दावा नामंजूर होऊ शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये पाटील ऑटोमेशनच्या प्रकरणात स्पष्ट केले. प्रतिवादीच्या वकिलाने वादपत्र हातात आल्यावर आधी हे तपासावे. यातली एखादी गोष्ट चुकलेली असेल, तर सशर्त परवानगीच्या चर्चेपर्यंत जाण्याची वेळही येत नाही.

समन्स मिळाल्यावर दहा दिवसांत नेमके काय करायचे?

इथे दोन वेगवेगळे 'दहा दिवस' आहेत, आणि त्यांची गल्लत ही या दाव्यांतली सर्वांत महागडी चूक आहे.

पहिले दहा दिवस मूळ समन्स बजावल्यापासून मोजतात. त्या मुदतीत प्रतिवादीने स्वतः किंवा वकिलामार्फत न्यायालयात हजर झाल्याची नोंद करायची, नोटिसा स्वीकारण्यासाठी पत्ता द्यायचा आणि हजेरी दिल्याची सूचना त्याच दिवशी वादीच्या वकिलाला पाठवायची. या टप्प्यावर कैफियत द्यायची नसते. हजेरीच दिली नाही, तर वादपत्रातले म्हणणे मान्य आहे असे धरले जाते आणि समन्समधल्या रकमेपर्यंत, व्याज व खर्चासह, हुकूमनामा (डिक्री) होऊ शकतो.

हजेरीनंतर वादी आणखी एक समन्स काढतो. मुंबईच्या न्यायालयांत याला सरसकट 'समन्स फॉर जजमेंट' म्हणतात. त्यासोबत वादीचे प्रतिज्ञापत्र असते : दाव्याचे कारण खरे आहे, रक्कम इतकी आहे, आणि माझ्या समजुतीप्रमाणे प्रतिवादीला कोणताही बचाव नाही. हे दुसरे समन्स बजावल्यापासून पुढचे दहा दिवस सुरू होतात आणि बचावाच्या परवानगीचा अर्ज त्या मुदतीत करायचा असतो. पुरेसे कारण असेल तर दोन्ही टप्प्यांवरचा विलंब माफ करण्याचा अधिकार नियम ३(७) ने न्यायालयाला दिला आहे. पण विलंबमाफीचा अर्ज हा स्वतंत्र अर्ज आहे. परवानगीच्या अर्जात 'विलंब माफ व्हावा' हे एक वाक्य घुसवून भागत नाही.

अर्जावर न्यायालयापुढे कोणकोणते पर्याय असतात?

ढोबळमानाने तीन : बिनशर्त परवानगी, अटींसह परवानगी किंवा नकार. दाव्याच्या एका भागापुरती परवानगी देऊन उरलेल्या भागाचा हुकूमनामा करणे हाही त्यातलाच एक प्रकार आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये बी. एल. कश्यपच्या निकालात सांगितले की परवानगी देणे, मग ती अटींसह असो वा अटींविना, हा सर्वसाधारण नियम आहे आणि नाकारणे हा अपवाद. त्यामुळे प्रत्यक्षात खरी झुंज 'परवानगी मिळेल का' यावर फारशी नसते. ती 'किती रक्कम भरावी लागेल' यावर असते.

सशर्त परवानगी नेमकी केव्हा दिली जाते?

आजचा मुख्य आधार म्हणजे आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाउन हा सर्वोच्च न्यायालयाचा नोव्हेंबर २०१६ चा निकाल. त्याआधी १९७६ च्या मेकॅलेक निकालातली तत्त्वे सगळीकडे उद्धृत होत असत. परंतु १९७६ च्या दुरुस्ती अधिनियमाने आदेश ३७ ची भाषाच बदलली, आणि १९६५ च्या मिल्खीराम या चार न्यायमूर्तींच्या निकालाचीही दखल घेऊन हबटाउनमध्ये ती तत्त्वे नव्याने मांडली गेली. जुन्या अर्जांची नक्कल करताना मेकॅलेकचा उतारा आजही तसाच्या तसा उतरवला जातो. हबटाउनचा उल्लेख न करता तो ठेवणे म्हणजे समोरच्या वकिलाला आयता मुद्दा देणे.

हबटाउनने उतरंड अशी लावली आहे. बचाव भक्कम असेल, म्हणजे प्रतिवादी दावा जिंकण्याचा संभव दिसत असेल, तर परवानगी बिनशर्त. बचाव तितका भक्कम नसला तरी त्यातून सुनावणी घेऊन ठरवावा लागेल असा रास्त मुद्दा निघत असेल, तरीही सामान्यतः बिनशर्त. मुद्दा निघतो, पण प्रतिवादीच्या सचोटीबद्दल किंवा त्या मुद्द्याच्या खरेपणाबद्दल न्यायाधीशांच्या मनात शंका राहते, तेव्हा अटींचा प्रदेश सुरू होतो. दावा किती वेळात आणि कोणत्या पद्धतीने चालवायचा याच्या अटी, किंवा रक्कम भरण्याची अथवा तारण देण्याची अट. त्याच्याही खालची पायरी म्हणजे ऐकायला शक्य वाटणारा पण खरा असण्याचा संभव फार कमी असलेला बचाव. तिथे अट संपूर्ण मुद्दल आणि न्यायाधीशांना योग्य वाटेल तेवढ्या व्याजापर्यंत जाऊ शकते. आणि बचावात काहीच दम नसेल, तर परवानगी नाकारून तत्काळ हुकूमनामा.

ही उतरंड नीट वाचली तर एक गोष्ट ध्यानात येते. अट ही शिक्षा नाही. न्यायाधीशांच्या मनात जेवढी शंका उरली, तेवढे तिचे माप असते. म्हणून प्रतिवादीचे प्रतिज्ञापत्र 'वादीचा दावा खोटा आहे' हे ओरडून सांगण्यासाठी नसते. शंका जिथे येणार आहे तिथे आधीच पोचून ती दूर करण्यासाठी असते.

हबटाउनमध्येच पाहा. मुंबई उच्च न्यायालयाने प्रतिवादी कंपनीला बिनशर्त परवानगी दिली होती. परदेशी गुंतवणुकीच्या धोरणाचा भंग झाल्यामुळे हमी अंमलात आणता येत नाही, असा तिचा बचाव होता. सर्वोच्च न्यायालयाने तो बचाव फेटाळून टाकला नाही, पण प्रत्यक्ष गुंतवलेल्या ४१८ कोटी रुपयांच्या मुद्दलाएवढी रक्कम तीन महिन्यांत भरण्याची किंवा तिचे तारण देण्याची अट घातली. कायदेशीर मुद्दा गुंतागुंतीचा असला म्हणजे परवानगी आपोआप बिनशर्त होते, या समजाला त्यानंतर फारसा आधार उरलेला नाही.

न्यायाधीशांच्या मनात शंका निर्माण करणाऱ्या गोष्टी कोणत्या?

बहुतेक वेळा ती निर्माण होते प्रतिवादीच्याच कागदांतून. माल मिळालाच नाही असे प्रतिज्ञापत्रात म्हणायचे आणि त्याच बिलांवरचे जीएसटीचे इनपुट क्रेडिट मात्र घेतलेले असायचे. ही रक्कम कर्ज नव्हतीच, भागीदारीतली गुंतवणूक होती, असे म्हणायचे आणि वादीच्या २६एएस या आयकर खात्याच्या उताऱ्यात व्याजावर प्रतिवादीने कापलेला टीडीएस ओळीने दिसायचा. अशा वेळी वादीच्या वकिलाला फार बोलावे लागत नाही. तो उतारा पुढे सरकवतो आणि बसतो.

दुसरे ठिकाण म्हणजे माल मिळाल्यानंतरचे मौन. मालाच्या दर्जाबद्दलची पहिली तक्रार जर वकिलाच्या नोटिशीला दिलेल्या उत्तरात, किंवा त्याहूनही पुढे, थेट प्रतिज्ञापत्रात उगवत असेल, तर ती 'नंतर सुचलेली' समजली जाते. मधल्या काळात 'थोडी सवड द्या, दिवाळीनंतर भागवतो' असे व्हॉट्सॲप संदेश गेले असतील तर मग विचारायलाच नको. तिसरे म्हणजे मोघमपणा : 'कोऱ्या कागदांवर सह्या घेतल्या', 'सगळी रक्कम रोखीने परत केली', 'दबावाखाली चेक दिला'. यांपैकी कोणतीही गोष्ट खरी असू शकते. पण कोणत्या तारखेला, कोणाच्या समोर, किती, आणि त्यानंतर तक्रार का केली नाही, हे लिहिलेले नसेल तर न्यायाधीशांच्या हाती पकडायला काही राहत नाही.

मग कोणत्या बचावांना सहसा अट लागत नाही?

कागदावरूनच दिसणाऱ्या कायदेशीर अडथळ्यांना. तीन वर्षांची मुदत उलटून गेली आहे आणि मधे कर्जाची लेखी कबुलीही नाही. वचनचिठ्ठीवर आवश्यक मुद्रांक नाही. इतर बहुतेक दस्तांप्रमाणे ती उणीव पुढे दंड भरून दूर करता येत नाही, त्यामुळे ती चिठ्ठी पुराव्यात येत नाही. वादी भागीदारी संस्था नोंदणीकृत नाही. वादी सावकारीचा व्यवसाय करतो पण कर्ज देण्याच्या दिवशी त्याच्याकडे परवाना नव्हता. महाराष्ट्रात सावकारीचा २०१४ चा कायदा अशा सावकाराला हुकूमनामा देण्यास न्यायालयाला मनाई करतो. मात्र एखाद्या मित्राला एकदा पैसे दिले म्हणून कोणी सावकार होत नाही. व्यवसाय म्हणून सातत्याने कर्जे दिल्याचे दिसावे लागते. 'वादी सावकार आहे' हे वाक्य हल्ली जवळपास प्रत्येक प्रतिज्ञापत्रात असते आणि त्यामुळेच त्याचे वजन उतरले आहे. त्याच वादीने इतरांवर केलेल्या दाव्यांचे क्रमांक जोडले, तर ते पुन्हा भरते.

वस्तुस्थितीवरच्या बचावालाही बिनशर्त परवानगी मिळू शकते. अर्जाच्या टप्प्यावर प्रतिवादीने आपला बचाव सिद्ध करायचा नसतो, आणि पुरावा हाती दिला नाही एवढ्यावरून अट लादू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५८ सालीच सांगून ठेवले आहे. पण जवळ असलेला कागद न जोडण्याला काही कारण नाही.

अटीची रक्कम कशी ठरते? एक उदाहरण द्याल का?

ठरलेले सूत्र नाही. कल्पना करा की वादीने २४ लाख रुपयांच्या सळया पुरवल्या, ६ लाख मिळाले आणि उरलेल्या १८ लाखांचा, द.सा.द.शे. १८ व्याजाने, दावा झाला. प्रतिवादी सांगतो की ५ लाखांचा माल परत केला आणि बाकीचा गंजलेला निघाल्याने त्याचे काही देणे लागत नाही. परत केलेल्या मालाच्या चलनावर वादीच्या गोदामातल्या माणसाची सही आणि शिक्का आहे. गंजाबद्दल मात्र एकही पत्र नाही. उलट माल उतरवल्यानंतर तीन महिन्यांनी प्रतिवादीने खातेउताऱ्यावर शिल्लक बरोबर असल्याची सही केली आहे.

इथे न्यायाधीश ५ लाखांपुरता बचाव खरा मानण्याची शक्यता दाट आहे, कारण तो वादीच्याच कागदावर उभा आहे. उरलेल्या १३ लाखांबद्दल शंका आहे. हुकूम बहुधा असा निघेल : प्रतिवादीने १३ लाख रुपये आठ आठवड्यांत न्यायालयात भरावेत, भरल्यास संपूर्ण दाव्याला बचाव करण्याची परवानगी, न भरल्यास वादीने हुकूमनाम्यासाठी अर्ज करावा. व्याज अटीत धरायचे की नाही हे शंकेच्या खोलीवर अवलंबून असते. त्या खातेउताऱ्यावरच्या सहीचा खुलासा प्रतिज्ञापत्रात आला नसेल, तर व्याजही अटीत येऊ शकते. म्हणून आपल्याविरुद्ध जाणारा कागद लपवण्यापेक्षा तो स्वतःच पुढे ठेवून त्याचा खुलासा देणे जवळपास नेहमीच श्रेयस्कर ठरते. तो कागद वादी दाखवणारच आहे, आणि तुम्ही तो लपवलात एवढीच गोष्ट मग लक्षात राहील.

काही रक्कम मला मान्य आहे. ती मान्य करू की नको?

खरोखर देणे असेल तर मान्य करावी, पण परिणाम समजून. नियम ३(५) चे दुसरे परंतुक सांगते की मान्य रक्कम न्यायालयात भरल्याशिवाय परवानगी देताच येणार नाही. ही न्यायाधीशांच्या मर्जीतली अट नाही, कायद्याची अट आहे. उलट बाजूने, तीन लाख देणे आहे हे उघड दिसत असताना संपूर्ण १८ लाखांना ठाम नकार देणारा प्रतिवादी आपल्या बाकीच्या १५ लाखांवरच्या चांगल्या बचावावरही संशय ओढवून घेतो. मान्य रकमेचा चेक किंवा डिमांड ड्राफ्ट सुनावणीच्या दिवशी तयार ठेवणारा प्रतिवादी फारच क्वचित दिसतो, आणि तो दिसतो तेव्हा वातावरणात फरक पडतो.

अट पेलण्याइतके पैसेच नसतील तर?

हे आधी सांगावे, नंतर नव्हे. बचावाचा मार्ग बंद होईल इतकी कठोर अट घालू नये, अशी काळजी घेण्यास हबटाउनमध्येच सांगितले आहे. पण आर्थिक स्थिती न्यायालयापुढे आणणार कोण? प्रतिवादीनेच. बँक खात्यांचे उतारे, विवरणपत्रे, आधीची कर्जे यांसह स्वतंत्र परिच्छेद प्रतिज्ञापत्रात असावा आणि पर्यायही सुचवावा : रोख रकमेऐवजी बँक हमी, बोजा नसलेल्या मिळकतीचे तारण, किंवा हप्त्यांनी भरणा. मिळकतीचे तारण देऊ करताना सातबारा किंवा मिळकतपत्रिका आणि मूल्यांकन जोडलेले असावे. 'मिळकत आहे' एवढे तोंडी सांगण्याचा उपयोग होत नाही. केवळ 'परिस्थिती बिकट आहे' या शब्दांवर अट सौम्य झाल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

भरलेले पैसे वादीला मिळतात का?

लगेच नाही. रक्कम न्यायालयात जमा होते आणि सामान्यतः राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत गुंतवली जाते. वादी ती उचलण्याची परवानगी मागू शकतो, पण तशी परवानगी दिली तरी बहुधा त्याच्याकडून तारण घेतले जाते. दावा फेटाळला गेला तर रक्कम साचलेल्या व्याजासह प्रतिवादीकडे परत येते. मंजूर झाला तर ती हुकूमनाम्यात वळती होते, आणि वादीला अंमलबजावणीची दरखास्त घेऊन जप्तीमागे धावावे लागत नाही.

रक्कम भरण्याची मुदत चुकली. आता काय?

नियम ३(६)(ब) प्रमाणे वादी तत्काळ हुकूमनाम्यास पात्र होतो. मात्र हुकूमनामा प्रत्यक्षात झालेला नसेल तोवर मार्ग पूर्ण बंद नसतो. संहितेच्या कलम १४८ खाली मुदत संपून गेल्यावरही ती वाढवून मागता येते. ही वाढ एकूण तीस दिवसांहून अधिक नसावी असे कलम म्हणते, तरी सर्वोच्च न्यायालयाने २००५ च्या सेलम ॲडव्होकेट बार असोसिएशन प्रकरणात पक्षकाराच्या हाताबाहेरच्या कारणांसाठी या मर्यादेपलीकडेही जाण्याची वाट मोकळी ठेवली आहे.

व्यवहारात एवढे करावे : मुदत संपण्यापूर्वीच अर्ज द्यावा, आणि जमेल तेवढी रक्कम आधी भरून मग उरलेल्यासाठी वेळ मागावा. एका प्रकरणात अशिलाने शेवटच्या दिवशी दुपारी चेक आणला, तो न्यायालयाच्या कार्यालयाने ज्या नावाने हवा त्या नावाने नव्हता, आणि बदलून आणेपर्यंत रोखपालाची खिडकी बंद झाली. पुढे मुदतवाढ मिळाली, पण खर्च बसला आणि तीन तारखा गेल्या. कार्यालयात चलन कसे भरतात, चेक कोणाच्या नावाने लागतो, हे हुकूम झाल्याच्या आठवड्यातच विचारून घ्यावे.

अट पाळल्यानंतर दावा कसा चालतो?

नेहमीच्या दाव्यासारखा. प्रतिवादी ठरवून दिलेल्या मुदतीत कैफियत देतो, मुद्दे निघतात, पुरावा होतो. परवानगीच्या हुकुमातली निरीक्षणे प्राथमिक असतात आणि अंतिम निकाल त्यांना बांधलेला नसतो. तरीही प्रतिज्ञापत्रातली हकिगत आणि कैफियतीतली हकिगत यांत फरक पडला, तर उलटतपासणीत तोच फरक प्रतिवादीपुढे धरला जातो.

सशर्त हुकुमाविरुद्ध अपील करता येते का?

आदेश ४३ मध्ये या हुकुमाचा समावेश नाही, त्यामुळे सामान्य दिवाणी न्यायालयाच्या अशा हुकुमावर थेट अपील होत नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका हा नेहमीचा मार्ग आहे. तिथे न्यायालय अपिलासारखे पुन्हा पारडे तोलत नाही. अट मनमानी आहे किंवा प्रस्थापित तत्त्वे सोडून आहे, हे दाखवावे लागते. याचिका दाखल केली म्हणून भरण्याची मुदत थांबत नाही. स्थगिती मिळाली नाही आणि मधेच हुकूमनामा झाला, तर त्याविरुद्ध कलम ९६ खाली अपील करता येते आणि कलम १०५ च्या आधारे त्या अपिलात अटीच्या हुकुमाची वैधताही तपासून घेता येते. बिनशर्त परवानगीने वादी नाराज असेल तर त्यालाही वरिष्ठ न्यायालयात जाता येते. हबटाउन हे त्याचेच उदाहरण आहे.

माझ्या गैरहजेरीत हुकूमनामा होऊन गेला आहे. तो रद्द करता येईल का?

नियम ४ प्रमाणे येईल, पण 'विशेष परिस्थिती' दाखवावी लागते आणि ही कसोटी नेहमीच्या एकतर्फी हुकूमनाम्यापेक्षा कडक आहे. समन्स मिळाले नाही किंवा हजर राहणे अशक्य होते, एवढे पुरेसे नाही. परवानगीला पात्र ठरवणारा बचावही त्याच अर्जात मांडावा लागतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये स्पष्ट केले आहे. हुकूमनामा रद्द करतानाही रक्कम भरण्याची अट घातली जाऊ शकते.

मी फक्त जामीनदार आहे. मलाही अट लागेल का?

लागू शकते. हमीदाराची जबाबदारी मूळ ऋणकोएवढीच असते, त्यामुळे 'आधी त्याच्याकडून वसूल करा' हा बचाव बहुतेक हमीपत्रांपुढे टिकत नाही. परंतु हमीदाराच्या संमतीविना मूळ कराराच्या अटी बदलल्या, किंवा हमी ठरावीक रकमेपुरतीच होती, असे कागदावरून दिसत असेल, तर त्याच्या बाबतीत वेगळा, अगदी बिनशर्तही हुकूम होऊ शकतो. म्हणून हमीदाराने मूळ ऋणकोच्या प्रतिज्ञापत्रावर 'मीही हेच म्हणतो' अशी सही करून मोकळे होऊ नये. आपले वेगळे प्रतिज्ञापत्र द्यावे.

त्याच चेकबद्दल फौजदारी खटलाही चालू आहे. त्याचा काय परिणाम होतो?

दोन्ही कार्यवाही स्वतंत्रपणे चालतात. परक्राम्य संलेख अधिनियमाच्या कलम १४३अ खाली दंडाधिकारी चेकच्या रकमेच्या २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाईचा हुकूम करू शकतात. तशी रक्कम दिलेली असेल तर ती पावतीसह समरी दाव्यातल्या प्रतिज्ञापत्रात अवश्य दाखवावी, म्हणजे अटीचा आकडा ठरताना ती विचारात घेण्याची विनंती करता येते. आणि दोन्ही न्यायालयांत एकच हकिगत सांगावी. फौजदारी न्यायालयात 'चेक हरवला होता' आणि दिवाणी न्यायालयात 'चेक केवळ सुरक्षेपोटी दिला होता' असे सांगणारे प्रतिवादी आजही भेटतात.

मी वादी आहे. सशर्त परवानगीसाठी मी काय तयारी करावी?

मूळ दस्त हाताशी ठेवा. वादपत्राच्या शीर्षकात दाव्याच्या क्रमांकाखाली आदेश ३७ चा उल्लेख आणि मजकुरात तशी स्पष्ट विधाने आहेत ना, हे पाहा. या आदेशात न बसणारी एखादी मागणी चुकून घुसली असेल तर ती काढून टाका, कारण तेवढ्यावरूनही दावा समरी राहत नाही. व्याजाचा तक्ता तारीखवार जोडा. मागितलेला दर करारात नसेल तर प्रतिवादी आधी तिथेच बोट ठेवतो. आणि प्रतिवादीचे प्रतिज्ञापत्र आल्यावर त्याच्या प्रत्येक बचावासमोर एकेक कागद ठेवणारे, शक्य तेवढे आखूड प्रत्युत्तर द्या. परवानगी नाकारलीच पाहिजे असा हट्ट धरून त्यावरच तासभर बोलण्यापेक्षा 'परवानगी द्यायचीच झाली तर निदान मुद्दल तरी जमा व्हावे' ही पर्यायी विनंती लेखी करून ठेवलेली बरी. ती आयत्या वेळी तोंडी केली, तर आकडा समोरच्याच्या हिशेबाने ठरण्याची भीती असते.